बिनआमिषाचं मडकं

स्फाक्स, ३ नोव्हेंबर १९६६

प्रिय लल्ला मन्नूबिया,

तुला आणि सूनबाई सालुहाला सलाम. लमीनची बोट अजून परतली नाही, हे मला मासळीवाल्याकडून कळावं? मी सख्खी मावशी आहे त्याची, तुझी धाकटी बहीण. तू कळवलं नाहीस म्हणून चांगलं खरमरीत लिहायचं ठरवलं होतं, पण राग येईना. रडूच आलं.

तुझा मेहुणा हमादी रोज काम सुटलं की बंदरावर जातो. स्पंज काढणाऱ्या बाकीच्या बोटी वादळाच्या आधी आल्या, तुझ्या लेकाची तेवढी राहिली. बंदरावरचे लोक म्हणतात, वाऱ्याने सिसिलीकडे नेली असेल, तिकडच्या कोळ्यांनी उचललं असेल. बोलतात चांगलं, पण बोलताना हमादीच्या तोंडाकडे बघत नाहीत म्हणे.

लल्ला, एक विचारू? मडकं मांडलंस का?

आपली आई, उम्मी, गेली तेव्हा तिच्या हातावर हात ठेवून आपण दोघींनी शपथ घेतली, पुन्हा मडकं मांडणार नाही म्हणून. विसरले नाही मी. पण शिकवलं कोणी? तिनेच ना? ऑक्टोपस धरायच्या मडक्यात कोणी आमिष घालतं का, रिकामी खोली दिसली की तो आपण होऊन राहायला येतो, रिकामेपण हेच आमिष, असं ती म्हणायची. दुपारी सगळं बेट झोपलं की समुद्रातून काढलेलं मडकं पुढ्यात घ्यायचं, ओला फडका टाकायचा आणि हवी ती वस्तू मनात घडवायची. तिची पाठ, पोट, वजन, वास, काही सुटता कामा नये. दुपार कलली की असरच्या बांगेला फडका काढला की आत वस्तू. माझा साखरेचा खडा आठवतो? पांढरा शुभ्र आला, पण चवीला माती, कारण मी नुसत्या रंगाचाच विचार केला होता. तू मला वर्षभर 'चुनखडी' म्हणून चिडवलंस.

आणि मास्तरणीबाईंचं कानातलं मी बोलावलं, ते आलं नाही, उलट उम्मीची थप्पड आली, तेही आठवत असेल. "धनी जिवंत असेल तर त्याची वस्तू येत नाही. धनी गेला की ती पोरकी होते, मग हाक मारली की येते," असं उम्मी तेव्हा म्हणाली होती. म्हणून सांगते. लमीनच्या लग्नात तू त्याला मासा कोरलेली चांदीची अंगठी घातलीस, ती बोलाव. आली नाही तर आपला पोरगा कुठेतरी जिवंत आहे. आणि आली तर पत्र लिहू नकोस, मला बोलावून घे.

तुझी
बेय्या


अल-अत्ताया, केरकेन्ना बेट, १२ नोव्हेंबर

बेय्या,

तू लहानपणापासून अशीच. आधी शपथेची आठवण करून देणार, मग तीच मोडायला सांगणार.

मांडलं मडकं. अंगठी आली नाही. पुन्हा बसले, पुन्हा नाही आली. झालं समाधान? आता हमादीला सांग, बंदरावर चपला झिजवू नकोस.

सालुहाचा बाप आला होता. कॉफी प्यायला, डेऱ्यासारखा बसून राहिला आणि शेवटी म्हणाला, "लल्ला, पोर एकोणीस वर्षांची आहे. खरं काय ते एकदा सांगा. वाईट असेल तर वाईट सांगा, म्हणजे तिची विधवेची इद्दत तरी सुरू होईल, ते चार महिने सरले की पुढचं बघता येईल. ती ना सधवा ना विधवा, अशी किती दिवस तुमच्या दारात बसणार?" मी म्हटलं, "सांगण्यासारखं कळलं की सांगेन." सालुहा आतून ऐकत होती. दिवसभर पाणी भरते, जव दळते, त्याचे शर्ट उन्हात टाकते आणि संध्याकाळी घडी करून ठेवते.

मागची खोली मी कुलूप लावून ठेवते. जमिनीला ओल आली आहे, खारट ओल. पूर्वी मडकं मांडल्यावर अशी येत नसे. असो. यंदा ऑलिव्हला काहीच धरलं नाही. ऑक्टोपस मात्र भरपूर आहे म्हणतात. मी या वर्षी खात नाही.

मन्नूबिया


स्फाक्स, २१ नोव्हेंबर

माझी लाडकी लल्ला,

तोंड गोड कर! तुझं पत्र वाचलं आणि मलाही राहवेना. मासळी बाजारातून जुनं मडकं आणलं, त्याला अजून शंख चिकटलेले होते. हमादी कामावर गेल्यावर स्वयंपाकघरात बसले. ती अंगठी मी माझ्या हाताने साबणाने धुतली होती लग्नाच्या दिवशी, त्यामुळे माशाचा एकेक खवला पाठ आहे मला. शेपटीकडे सोनाराचा हात घसरलेला आहे, तोसुद्धा. सगळं मनात घडवलं. बांग झाली, फडका काढला, तर मडकं कोरडं ठणठणीत!

तुझ्याकडे नाही, माझ्याकडे नाही. आणखी काय पुरावा हवा? मी स्वयंपाकघरातच बसून हसत सुटले. शेजारीण विचारत आली, "बेय्या, काय झालं गं?" मी म्हटलं, "माझा भाचा जिवंत आहे." आता सगळ्या गल्लीला माहीत आहे. आणि हो, सालुहाच्या बापालाही मी पत्र टाकलं. मडक्याचं नाही लिहिलं, एवढी वेडी नाही मी. सिसिलीहून खात्रीची बातमी आहे, पोरीला घरी नेण्याची घाई करू नका, एवढंच लिहिलं. बरं केलं ना?

बेय्या


अल-अत्ताया, ७ डिसेंबर

बेय्या,

बरं केलंस? तुझ्या जिभेला हाड नव्हतंच, आता बोटांनाही नाही.

तुझं पत्र घेऊन सालुहाचा बाप धावत आला. सालुहाने माझ्या गळ्यात पडून विचारलं, "उम्मी, खरंच?" मी तिच्या पाठीवर हात फिरवला. तेव्हापासून ती गाते आहे. जव दळताना गाते, शर्ट धुताना गाते. त्याच्यासाठी लोकरीचा स्वेटर विणायला घेतला आहे. मला ते गाणं ऐकवत नाही.

आणि तुला मडक्यापाशी बसायला कोणी सांगितलं होतं? एकाच वस्तूला दोघींनी हाक मारायची नसते, हे उम्मीने शिकवलं होतं की तेवढंच विसरलीस?

जेर्ब्याच्या कुंभाराला एक रांजण सांगितला आहे. बोटीने येईल. तेल ठेवायला लागतो. माझ्या तब्येतीचं विचारशील, तर ती बरी आहे. दुपारी झोप लागत नाही एवढंच. रमजान तोंडावर आला आहे. हमादीला पोटाचं दुखणं आहे, त्याला उपाशी कामाला पाठवत असशील तर सांभाळून.

मन्नूबिया


स्फाक्स, २७ डिसेंबर

लल्ला,

हे पत्र मी दोनदा फाडलं. आता लिहिते ते तसंच पाठवते.

परवा लमीनची फार आठवण आली. लहानपणी आमच्याकडे राहायला आला होता तेव्हा हमादीने त्याला बोरूची शिट्टी करून दिली होती, तुला माहीतही नसेल. तोंडाशी त्याच्या पुढच्या दाताची खूण होती. मोठा झाल्यावरही खिशात ठेवायचा, धुक्यात बोटीवरून वाजवायचा. मी पुरावा बघायला म्हणून नाही बसले, नुसती करमणूक म्हणून बसले. ती येणार नाही याची मला खात्री होती. न येण्यातच मजा होती.

बांग झाली. फडका काढला. शिट्टी आली.

ओली होती. उपडी केली तर तिच्यातून पाणी पडलं, वास समुद्राचा. दाताची खूण जागच्या जागी. हमादीला दाखवली तर त्याने हातात घेतली आणि तो भिंतीला टेकून खाली बसला. एवढा मोठा माणूस, पण रडताना त्याला मी पहिल्यांदा पाहिलं.

मग तुझं पत्र पुन्हा काढलं. एका वस्तूला दोघींनी हाक मारायची नसते. का नसते, ते मला आठवलं. लहानपणी आपण दोघींनी एकच लाल कंगवा बोलावला होता. तो तुझ्याकडे आधी आला आणि माझं मडकं रिकामं राहिलं, कारण एक वस्तू एकदाच येते. लल्ला, अंगठी माझ्याकडे आली नाही, कारण ती तुझ्याकडे कधीच आली होती. हो ना? आणि मी वेडी इकडे साखर वाटत होते.

खोटं का बोललीस ते विचारणार नाही. पण ऑलिव्हला काही धरलं नाही असं तूच लिहिलंस, मग रांजण कुठल्या तेलासाठी? ज्याच्या तोंडातून मूठ आत जाते त्याहून मोठं मडकं मांडू नका, ही उम्मीची शेवटची ताकीद होती. आपल्या मावशीचं, खाला अलजियाचं विसरलीस? नवरा गेल्यावर त्याचा हात हातात घ्यावासा वाटला तिला. तिने हात बोलावला. हात आला, नुसता हात. पुढे वीस वर्षं ती दाराला पाठ लावून झोपायची. मडक्यात वस्तू येते, जीव येत नाही. तू लमीनला बोलावलंस तर जे येईल तो लमीन नसेल. त्याने डोळे उघडले तर काय करशील? नाही उघडले तर काय करशील?

तुझ्या पाया पडते, रांजण फोडून टाक.

बेय्या


अल-अत्ताया, ईदचा दिवस, जानेवारी १९६७

बेय्या,

ईद मुबारक. घरात रीत म्हणून खारा मासा आणि कांदा-मनुकांचा रस्सा, शरमूला, केला. सालुहाने लमीनचं ताट मांडलं. मी त्यात मासा वाढला.

अंगठी पहिल्याच दुपारी आली. तुझं पत्र यायच्याही आधी. शपथ मोडायला मला तुझ्या सांगण्याची गरज नव्हती.

तुला वाटतं मला तो जिवंत होऊन यायला हवा आहे. मला एवढी खुळी समजतेस? वस्तू येते, जीव येत नाही, हे मला ठाऊक आहे. मला जीव नकोच आहे. जीव जिथे जायचा तिथे गेला, अल्लाहकडे सुखात आहे. मला त्याला आंघोळ घालायची आहे. समुद्राचं मीठ त्याच्या अंगावर आहे गं, ते धुवायचं आहे. अंगठी दाखवली असती तर काय झालं असतं? मशिदीत पुरुषांनी प्रेतावाचून नमाज पढला असता, शेजारणींनी कुसकुस आणून दिला असता, आणि चौथ्या दिवशी सगळे आपापल्या कामाला. समुद्राने त्याला ठेवून घेतलं आणि मी ते मुकाट मान्य केलं, असा त्याचा अर्थ झाला असता. सालुहाचं आयुष्य मी अडवून धरलं आहे, हेही कळतं मला. तिचं गाणं सुरू झालं की मी मागच्या खोलीत जाऊन दार लावते. पण माती देण्यापुरता तरी तो मला मिळू दे, मग अंगठी तिच्या हातावर ठेवीन.

पण जमत नाही, बेय्या. रोज दुपारी रांजणापुढे बसते. तो येतो, पण हसत येतो. त्याला आडवा करू जाते तर उठून बसतो आणि विचारतो, "खायला काय आहे?" मेलेला लमीन माझ्या डोळ्यांपुढे येत नाही. आणि वजन. वजन कळल्याशिवाय वस्तू येत नाही. मोठ्या झालेल्या मुलाचं वजन कुठल्या आईला माहीत असतं? पंचवीस वर्षांच्या लेकाला कोण उचलून घेतं? रोज संध्याकाळी रांजणात हात घालते, हाताला नुसतं पाणी लागतं.

तू ये. तू शेजारी बसलीस तर जमेल कदाचित.

मन्नूबिया


स्फाक्स, १८ जानेवारी

लल्ला,

वाऱ्यामुळे फेरी बंद आहे. सुरू झाली की पहिल्या फेरीने येते. पण शेजारी बसायला नाही, रांजण फोडायला येते, हे आधीच सांगून ठेवते.

आणि समजा जमलं. मग? पंचविशीच्या मर्दाचं प्रेत तुझ्या स्वाधीन कोण करणार आहे? पुरुषच आंघोळ घालतील, दार लावून. आई दाराबाहेर. अब्बा गेले तेव्हा त्यांच्या आईला उंबऱ्याच्या आत घेतलं होतं का? लहान पोर असतं तर गोष्ट वेगळी. लहान पोराला आई मांडीवर घेऊन धुऊ शकते, त्याला कोणी नाही म्हणत नाही. लमीन आता लहान आहे का? ज्या गोष्टीसाठी एवढा आटापिटा करतेस, तीच तुला मिळणार नाही. हे लिहिताना मलाच वाईट वाटतंय. पण तुला थांबवायला मी आता काहीही लिहीन.

जपून राहा. सालुहाला एकटी सोडून मागच्या खोलीत बसू नकोस.

बेय्या


स्फाक्स, ९ फेब्रुवारी

लल्ला,

सुखरूप पोहोचले. हमादीने विचारलं, "रांजण फोडलास?" मी "हो" म्हटलं. खोटं नाही ते. पुढचं त्याने विचारलं नाही, मी सांगितलं नाही. म्हणून तुलाच लिहिते. कुणाशी तरी बोलल्याशिवाय मी जगणार नाही आणि हे बोलायला जगात तूच आहेस.

तुझ्या दारात पाऊल टाकलं तेव्हा दुपार होती आणि तू दगड हातात घेऊन उभी होतीस. मला वाटलं, शहाणी झाली. तू दगड माझ्या हातात दिलास आणि म्हणालीस, "फोड. पण हळू. आतला झोपलाय."

मी ओरडणार होते. सालुहा आपल्या बापाकडे गेली होती, हे नशीब. फडका काढून आत बघायचं धाडस मला झालं नाही, म्हणून मी दगडच मारला. पाणी माझ्या पायांवरून वाहत गेलं आणि मग तो दिसला. पाच वर्षांचा. तू शिवलेला पट्ट्यापट्ट्यांचा सदरा, गुंड्या एक घर सोडून लावलेल्या. केस ओले. अगदी तस्साच, आमच्या अंगणात झोपायचा तसा. मी वाट बघत होते की आता तो डोळे उघडेल. तुला भीती दाखवणारी मी, पण खरं सांगते, त्या वेळी मला तेच हवं होतं. तो उठला असता तर मी त्याला घेऊन पळाले असते, काय आहे, कोण आहे, विचारलं नसतं.

तू खाली बसलीस आणि त्याला मांडीवर घेतलंस. एकदा उचलून पाहिलंस आणि म्हणालीस, "बरोबर आहे. एवढाच होता." माझ्या पत्रातलं लहान पोराचं ते वाक्य तू उचललंस हे मला तेव्हा कळलं. तुला थांबवायला लिहिलेलं होतं ते.

मी पाणी ओतत होते, तू धूत होतीस. उजवी बाजू आधी, मग डावी, शेवटी कापराचं पाणी. कान, मान, बोटांमधल्या फटी. तू त्याला हळू आवाजात रागावत होतीस, "किती ही वाळू रे, कुठे लोळून आलास?" तेव्हा मला हुंदका आला आणि तू म्हणालीस, "रडू नकोस, त्याला जाग येईल."

एक गोष्ट तुला तेव्हा सांगितली नाही. पाय पुसताना मी त्याचे तळवे पाहिले. कोरे होते, लल्ला. एक रेघ नाही, एक चीर नाही, कधी जमिनीला टेकलेच नाहीत असे. तू त्याचं सगळं आठवलंस, तेवढेच तळवे राहिले. तुझ्या मनात तो कायम उचललेलाच होता, म्हणून असेल. मला रोज ते तळवे दिसतात. डोळे मिटले की पाणी ओतते आहे असं वाटतं.

शिट्टी मी त्याच्या कफनात ठेवली, ते तू पाहिलंस. आता तुझी पाळी. तू मला शब्द दिला आहेस. सालुहाला अंगठी दे. पोरगी स्वेटरच्या दुसऱ्या बाहीपर्यंत आली आहे.

बेय्या


अल-अत्ताया, २६ फेब्रुवारी

बेय्या,

दिली अंगठी. सालुहाला समोर बसवलं आणि उम्मीने आपल्याला सांगितलं होतं ते सगळं सांगितलं. तिने अंगठी पालथी करून माशाची शेपटी पाहिली. मग विचारलं, "कधी आली?" मी खरं सांगितलं. म्हणजे ती गात होती तेव्हा अंगठी माझ्याकडे होती, हेही तिला कळलं. ती मला शिव्या देईल असं वाटलं होतं. दिल्या असत्या तर बरं झालं असतं. तिने स्वेटर उसवायला घेतला, सगळी लोकर गुंडाळून माझ्यापुढे ठेवली आणि कपडे भरायला गेली. इद्दत बापाच्या घरी पाळते आहे. तिचं पुढे चांगलं होऊ दे. माझ्याशी कधी बोलेल असं वाटत नाही, आणि त्यात तिची चूक नाही.

घरातली सगळी मडकी फोडली. एकही रिकामं भांडं ठेवत नाही. पेल्यात पाणी, टोपल्यात जव, कॉफीच्या भांड्यातसुद्धा मूठभर मीठ घालून ठेवते. काल पाहुण्यांसाठी काढलेला एक कप धुऊन उपडा ठेवायचा राहिला. दुपारी बघते तर त्यात सदऱ्याची गुंडी. मी हाक मारली नव्हती. गुंडी उचलली, ठेवून घेतलेल्या त्या सदऱ्याच्या घडीत ठेवली आणि कप भरून ठेवला.

तळव्यांचं लिहिलंस. मला ठाऊक होतं. मांडीवर घेतलं तेव्हाच हाताला लागले. मनात घडवतानाच मुद्दाम राहू दिले होते. चालता येत असतं तर तो पुन्हा समुद्राकडे गेला असता.

लोकांना सांगितलं, समुद्राने माणूस दिला नाही, म्हणून त्याचे कपडे खजुरीखाली पुरले. सगळ्यांनी मान डोलावली. काल सालुहाचा बाप फातिहा म्हणायला आला होता. म्हणून झाल्यावर कबरीच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत बघत राहिला. म्हणाला, "लल्ला, कपड्यांसाठी ही मोठी आहे आणि माणसासाठी लहान. कुठलं माप घेतलंत?"

मी म्हटलं, "माझ्या कडेवरचं."

मन्नूबिया